पिल्लाला 'आराम' शिकवायचंय? मग शब्द सगळ्यात शेवटी

पिल्लू घरी आलं की पहिल्याच आठवड्यात सगळे सिट, शेकहँड, हाय-फाय शिकवायच्या मागे लागतात, व्हिडिओ काढतात, आणि संध्याकाळी तेच पिल्लू पँटच्या पायाला लटकून गुरगुरायला लागलं की अख्खं घर "शांत! ए शांत! अरे शांत हो ना!" करत ओरडत बसतं. आता जरा पिल्लाच्या बाजूने बघा, त्याला 'शांत' म्हणजे काय हे कोणी सांगितलेलंच नाहीये, त्याला एवढंच दिसतंय की मी उड्या मारतोय आणि ही मोठी माणसंपण माझ्याबरोबर भुंकायला लागली, म्हणजे काहीतरी भारी चाललंय, अजून जोरात करूया.

सिट शिकवणं सोपं असतं कारण बूड टेकलं की काम झालं, दिसतं आपल्याला. पण सिट करून बसलेलं पिल्लू आतून स्प्रिंगसारखं ताणलेलंच असू शकतं, शेपटी जमिनीवर आपटतेय, डोळे तुमच्या हातावर, खाऊ मिळाला की परत उडी. त्यामुळे शांत होणं शिकवायची पद्धतच वेगळी आहे. आधी पिल्लू आपणहून शांत होतं ते क्षण पकडायचे आणि त्याचे पैसे मोजायचे (म्हणजे खाऊ द्यायचा), मग ते एका मॅटशी जोडायचं, आणि हे जमलं की मग शब्द. बहुतेक लोक शब्दापासून सुरू करतात आणि म्हणूनच अडकतात.

पण त्याच्याही आधी झोप. खरं सांगायचं तर "आमचं पिल्लू शांतच होत नाही" म्हणणाऱ्यांपैकी निम्म्या घरात ट्रेनिंगचा प्रॉब्लेम नसतोच, पिल्लाची झोप झालेली नसते. दोन-तीन महिन्यांचं पिल्लू 24 तासात 18 ते 20 तास झोपतं, झोपायलाच पाहिजे. घरात माणसं ये-जा करतायत, मुलं उचलून घेतायत, टीव्ही चालू आहे, अशात ते बिचारं झोपणार कधी? झोपेला आलेलं लहान मूल कसं किरकिर करत अजूनच धिंगाणा घालतं, तसंच हे. चावणं अचानक जोराचं होतं, येत असलेली सिटपण येईनाशी होते, शेपटी खाली घेऊन डोळे मोठे करून सोफ्याभोवती गोल गोल पळतं. अशा वेळी शिकवायला बसू नका, काही डोक्यात शिरत नाही त्याच्या. शू करवून आणा, प्ले-पेनमध्ये (जाळीच्या कुंपणात) किंवा क्रेटमध्ये (त्याच्या पिंजऱ्यात) न्या, चघळायला काहीतरी द्या, दिवा बंद, गडबड बंद. साधारण तासभर जागं आणि मग दोन तास झोप असा अंदाज धरला तर लहान पिल्लाचा दिवस बराच सरळ होतो. संध्याकाळचे झूमीज (अचानक वेड्यासारखं धावत सुटणं) तर बऱ्याच पिल्लांना येतातच, ते नॉर्मल आहे, पण रोज तासभर रक्त निघेपर्यंत चावाचावी चालली असेल तर आधी दुपारची झोप मोजा.

आणि ते "खूप पळवा म्हणजे दमून शांत होईल" हे जे सगळे सांगतात ना, ते अर्धंच खरं आहे. बॉल पन्नास वेळा फेकला की पिल्लू दमतं, पण डोकं तापलेलंच राहतं, आणि आठ दिवसात त्याचा स्टॅमिना वाढतो मग साठ वेळा फेकावा लागतो. त्यापेक्षा वास घेणं, चाटणं, चघळणं ह्या तीन गोष्टींनी कुत्रं खाली येतं. जुन्या टॉवेलमध्ये ड्राय फूडचे दाणे गुंडाळून द्या, लिक मॅटवर (चाटत बसायच्या खडबडीत रबरी तुकड्यावर) ओलं फूड पसरून द्या, बाहेर नेलं की दहा मिनिटं फक्त हुंगू द्या, ओढू नका. चघळण्याची गरज तर खरोखरची असते, 28 दुधाचे दात साडेतीन-चार महिन्यांच्या आसपास पडायला लागतात आणि सहा-सात महिन्यांपर्यंत 42 पक्के दात येतात, तोपर्यंत हिरड्या ठणकतायत आणि आपण म्हणतोय शांत बस. स्वच्छ कापड ओलं करून पिळा घालून फ्रीजरमध्ये ठेवा आणि समोर बसून चघळायला द्या, तुकडे तोडायला लागलं की काढून घ्या. च्यू टॉयवर अंगठ्याचं नख दाबून बघा, नखाचा ठसा उमटला नाही तर ते दातांसाठी फार कडक आहे.

आता मुख्य काम. रोजच्या ड्राय फूडमधलं मूठ-दोन मूठ बाजूला काढा आणि घरात चार ठिकाणी छोट्या वाट्यांमध्ये उंचावर ठेवून द्या. म्हणजे पिल्लू शांत दिसलं की खाऊ आणायला डब्याचं झाकण वाजवत पळायला नको, झाकण वाजलं की संपलंच सगळं. पिल्लू आपलं आपण कुठेतरी आडवं झालेलं दिसलं की हळू चालत जा, एक दाणा त्याच्या पुढच्या दोन पंजांच्या मध्ये जमिनीवर ठेवा आणि निघून जा. बस. गुड बॉय नाही, डोक्यावरून हात नाही, डोळ्यात डोळे नाहीत, काही नाही. सुरुवातीला ते दाणा खाऊन लगेच उठेल आणि तुमच्या मागे येईल, अजून दे म्हणून. येऊ दे. तुम्ही आपलं काम करत राहा. थोड्या वेळाने ते कंटाळून, नाकातून फुस्स करून परत टेकेल, की परत एक दाणा. दिवसभरात असं वीस-पंचवीस वेळा सहज होतं आणि त्यासाठी वेगळा वेळ काढावा लागत नाही, हेच ह्या पद्धतीत मला सगळ्यात आवडतं.

दाणा हातातून भरवू नका आणि फेकूही नका. हातातून दिला की ते हात चाटत चाटत उठतं, फेकला की शिकार सुरू. पंजांच्या मध्ये ठेवला की मान खाली जाते आणि शरीर तिथेच राहतं. आणि सुरुवातीपासून उकडलेलं चिकन, चीज असलं भारी काही वापरू नका, त्याच्या वासानेच पिल्लू नाचायला लागतं, इथे मुद्दाम साधंच पाहिजे. वरचा खाऊ दिवसभराच्या कॅलरींच्या 10 टक्क्यांच्या आत ठेवावा असं व्हेट (प्राण्यांचे डॉक्टर) सांगतात, रोजच्या जेवणातलाच वाटा वापरला की ती भानगडच राहत नाही. चॉकलेट, द्राक्षं, मनुका, कांदा, लसूण आणि झायलिटॉल घातलेलं शुगर-फ्री काहीही कुत्र्याला विषारी आहे, हे घरातल्या मुलांनाही सांगून ठेवा कारण खाऊ द्यायचा उत्साह त्यांनाच जास्त.

पहिले काही दिवस नुसतं आडवं झालं तरी दाणा. मग जरा निवडक व्हायचं. हे बघायला शिकणं म्हणजेच अर्धं ट्रेनिंग आहे खरं तर. पिल्लू दोन प्रकारे बसतं बघा, एक म्हणजे कोपरं टेकलेली, मागचे पाय दोन्ही बाजूंना अंगाखाली सरळ दुमडलेले, बंदुकीतून सुटायच्या तयारीत. दुसरं म्हणजे कंबर एका बाजूला कलंडलेली, मागचे दोन्ही पाय एकाच बाजूला, एका पंजाचा तळवा वर दिसतोय. ती कंबर कलंडली की समजायचं आता ते राहणार आहे. आमची कुत्री कलंडायच्या आधी एक क्षण थांबते, शेपटीकडे बघते, जणू खरंच झोपायचं का अशी खात्री करतेय, आणि मग धप्पकन कंबर टाकते. तो धप्प आवाज आला की मी दाणा ठेवायचे. त्याच्या पुढची पायरी म्हणजे हनुवटी जमिनीला लागणं, मग मोठा उसासा, पापण्या जड. जसजसं जमेल तसतसं ह्या पुढच्या खुणांनाच पैसे द्यायचे आणि नुसत्या तयारीतल्या बसण्याला द्यायचे बंद करायचे.

एक गल्लत इथे खूप होते. अंग आखडून गप्प पडलेलं, सारखं ओठ चाटणारं, जांभया देणारं, डोळ्यांचा पांढरा भाग दाखवत कडेने बघणारं पिल्लू शांत नसतं, घाबरलेलं किंवा गोंधळलेलं असतं. जांभई दिली म्हणजे आरामात आहे असं धरू नका, आजूबाजूला काय चाललंय तेपण बघा.

मग मॅट. पातळ, घडी करता येईल अशी, कुठेही नेता येईल अशी. ही मॅट एरवी खाली पडलेली नको, फक्त सरावाला काढायची आणि झालं की उचलून ठेवायची. पिल्लाला हार्नेस घाला, लीश एवढी सैल ठेवा की ते आरामात आडवं होऊ शकेल पण घरभर फिरू शकणार नाही, लीशवर पाय ठेवा आणि खुर्चीवर बसा. मॅट पायाशी. त्याला डाऊन वगैरे काही सांगायचं नाही. मोबाईल बघा, खरंच बघा, कारण तुम्ही त्याच्याकडे टक लावून बसलात तर ते पण तुमच्याकडेच बघत बसेल की आता पुढे काय. मॅटवर पंजा पडला, एक दाणा मॅटवर. बसलं, दाणा. आडवं झालं, तीन-चार दाणे एकेक करून दोन-दोन सेकंदांनी, सावकाश. नंतर अंतर वाढवत जायचं पण सरळ चढत्या शिडीसारखं नाही, तीन सेकंद, मग सात, मग चार, मग बारा, मग दोन. सतत अवघड होत गेलं की पिल्लू नाद सोडून देतं, मधेच सोपं आलं की टिकतं. दोन-तीन मिनिटं झाली की सुट्टीचा एक शब्द, समजा "चल", म्हणून एक दाणा मॅटच्या बाहेर टाकायचा आणि ते उठून गेलं की मॅट उचलायची. सुट्टीचा शब्द विसरू नका, नाहीतर कधी उठायचं हे पिल्लूच ठरवतं.

शब्द कधी आणायचा? मॅट टाकली की दहातल्या आठ वेळा ते आपणहून येऊन आडवं होतंय असं झालं की. तोपर्यंत तोंड बंद. आणि आणायचा कसा, तर ते खाली जायला लागतंय तेवढ्यात एकदाच, हळू आवाजात. काही दिवस असं केलं की मग शब्द एक क्षण आधी सरकवायचा, म्हणजे शब्द, मग ते खाली जातंय, मग दाणा. हा क्रम पक्का हवा. खाण्याआधी ठरावीक आवाज ऐकून ऐकून नुसत्या आवाजानेच लाळ गाळायला लागलेली शास्त्रज्ञ पावलॉव्हची कुत्री सगळ्यांना माहीत असतात (त्याला 1904 चं नोबेल खरं तर पचनावरच्या कामासाठी मिळालं, लाळेचं प्रकरण त्याच संशोधनातून निघालं), तिथेही आवाज आधी आणि खाणं नंतर असं होतं म्हणून ते जमलं, उलटं केलं असतं तर कुत्र्यांना आवाजाचं फारसं काही वाटलं नसतं. शब्द कुठलाही चालेल, मी आराम वापरते. 'शांत' मुद्दाम नको, तो आपण मुलांवर, फोनवर, एकमेकांवर इतका ओरडून वापरलेला असतो की पिल्लासाठी तो बिघडलेलाच असतो. आणि घरातल्या सगळ्यांचा एकच शब्द. आजोबा बस म्हणतायत, ताई सेटल म्हणतेय आणि तुम्ही आराम, असं असेल तर पिल्लाने काय करायचं? शब्द एकदाच म्हणायचा हेपण सगळ्यांना सांगा, "आराम आराम आराम" असा जप केला की पिल्लू तिसऱ्याची वाट बघायला शिकतं.

इथपर्यंत आलात तर निवांत दुपारी ते पिल्लू मॅटवर मस्त लोळेल. पण आपल्याला हवंय ते वेगळंच ना, आपल्याला ते पिसाळल्यासारखं करत असताना खाली यायला हवंय. त्यासाठी चालू-बंद खेळ, आणि हा खेळ जरा नीट खेळा कारण खरी मजा आणि खरं काम इथेच आहे. दोरीचं खेळणं घ्या, दहा सेकंद ओढाओढी, फार जोरात नाही. मग खेळणं आपल्या मांडीला चिकटवून धरा आणि पुतळा व्हा, खेळणं मेलं. पिल्लू अजून थोडं ओढेल, मग बोअर होऊन सोडेल, तुमच्याकडे बघेल. आता हळूच "आराम" आणि थांबा. मॅट जवळच टाकलेली असू दे. पहिल्या वेळी त्याला वीस-तीस सेकंद लागतील, मधे एक-दोनदा भुंकेल, थांबा. आडवं झालं की एक श्वास मोजा आणि "चल!" म्हणून परत ओढाओढी. इथे बक्षीस म्हणजे खेळच, दाणा नाही. पाच-सहा फेऱ्यांमध्येच दिसायला लागतं की ते पटकन खाली जातंय, कारण त्याला कळलंय की आडवं होणं हेच खेळ चालू करायचं बटण आहे. मग खेळ थोडा थोडा जास्त जोराचा करायचा आणि खाली राहण्याचा वेळही वाढवायचा, एक श्वास, तीन श्वास, दहा. हाताला दात लागले की त्या वेळेपुरता खेळ संपला, ओरडायचं नाही, नुसतं उठून जायचं.

एक सापळा सांगून ठेवते. हुशार पिल्लं साखळी बनवतात, भुंका, आराम ऐका, आडवं व्हा, खाऊ मिळवा, परत भुंका. पिल्लू तुमच्याकडे बघून एक भुंकून धावत मॅटवर जाऊन पडत असेल तर ओळखा की आता तुम्हाला ट्रेन केलं जातंय. उपाय म्हणजे गोंधळानंतरच्या आरामाला लगेच दाणा नाही, पाच-दहा सेकंद जाऊ द्या, आणि काहीही गोंधळ न करता आपणहून जे शांत बसणं असतं त्याला भरपूर द्या. म्हणून त्या चार वाट्या बंद करू नका.

दुर्लक्ष करण्याबद्दल पण एक. लक्ष मिळावं म्हणून भुंकणाऱ्या पिल्लाकडे दुर्लक्ष करायचं ठरवलंत तर भुंकणं आधी वाढतं, मग कमी होतं. ह्या वाढीच्या टप्प्यावर घरातल्या कोणीतरी "अरे घे बाबा" म्हणून काही दिलं की शिकवण काय झाली, तर पुरेसं जोरात भुंकलं की मिळतं. पूर्ण घर तयार नसेल तर सुरूच करू नका, त्यापेक्षा भुंकायच्या आधीच त्याला कामाला लावा. आणि शू लागलीय म्हणून भुंकतंय का हे आधी बघा, त्याकडे दुर्लक्ष केलं तर फरशी तुम्हालाच पुसायचीय.

पिल्लाला पाठीवर पाडून दाबून धरायचं, "बॉस कोण ते दाखवायचं", हा सल्ला अजूनही कोणी ना कोणी देतंच. ह्याच्या मुळाशी असलेली अल्फाची (कळपात दादागिरी करून बॉस झालेल्या लांडग्याची) कल्पना 1947 मधल्या संशोधक रुडॉल्फ शेंकेलच्या, बंदिस्त जागेत ठेवलेल्या लांडग्यांच्या निरीक्षणातून आली, आणि ती ज्याच्यामुळे सगळीकडे पोचली तो लांडग्यांचा अभ्यासक डेव्हिड मेक स्वतःच नंतर 1999 मध्ये लिहून मोकळा झाला की जंगलातला कळप म्हणजे बहुतेक वेळा आई-बाप आणि त्यांची पिल्लं, अल्फा हा शब्द तिथे बसत नाही. तेव्हा लांडग्यांनाच जे लागू नाही ते दोन किलोच्या पिल्लावर कशाला? दाबल्यावर ते गप्प होतं ते भीतीने, आणि हात म्हणजे वाईट गोष्ट हे मात्र पक्कं शिकतं. पुढे नखं कापताना, कान साफ करताना ते निघतं बाहेर.

खऱ्या आयुष्यातले प्रसंग एकेक करून आणा. डोअरबेल सगळ्यात अवघड, म्हणून बेलचा आवाज मोबाईलवर रेकॉर्ड करून अगदी बारीक आवाजात मॅटवर असताना वाजवा, दाणा, परत वाजवा, दाणा. आवाज वाढवाल तेव्हा वेळ कमी ठेवा, तुम्ही लांब उभे राहाल तेव्हा आवाज कमी ठेवा, एका वेळी एकच गोष्ट अवघड करायची. लहान मुलं पळतायत तिथे परीक्षा घेऊ नका, तेव्हा सरळ प्ले-पेन. आणि अपेक्षा वयाप्रमाणे ठेवा, दोन महिन्यांच्या पिल्लासाठी अर्धा मिनिटपण खूप आहे. सहा महिन्यांनंतर वयात यायला लागलं की सगळं विसरल्यासारखं करेल, तेव्हा चिडू नका, परत दोन सेकंदांपासून सुरू करा, ह्या वेळी लवकर जमतं.

झोप नीट, खाणं नीट, सगळं करूनही पिल्लू कधीच टेकत नसेल, किंवा आधी टेकत होतं आणि अचानक बंद झालं, तर व्हेटकडे न्या. जंत, कानाचं इन्फेक्शन, अंगाची खाज, पोटदुखी, ह्यातलं काहीही असलं तरी पिल्लू अस्वस्थच दिसतं. सारखं कान खाजवणं, बूड जमिनीवर घासणं, पातळ शी, रात्री उठून येरझाऱ्या, हे असेल तर ट्रेनिंग थांबवून आधी तपासणी. जाताना ती मॅट बरोबर घ्या, दारापासून लांबची खुर्ची बघा, मॅट पायाशी टाका, आणि तिथे मात्र साध्या दाण्यांऐवजी चिकन न्या, तिथे त्याला खरंच गरज असते.